इमारत पाडायला माझी हरकत होती

“आईची काही हरकत नाही. ती माझ्याकडे श्रूजबरीला राहायला येतेय,” माझा मुलगा सुनावणीत माईकवरून इंग्रजीत म्हणाला.

मला चारचौघांत इंग्रजी बोलता येत नाही, पण कळतं. मी उठले आणि मराठीत ओरडले, “खोटं बोलतोय हा! मला कुठेही जायचं नाही!”

समितीच्या अध्यक्षीणबाईंनी त्याला विचारलं, आई काय म्हणतात?

“थँक्यू म्हणतेय.”

सगळे माझ्याकडे बघून हसले. प्रेमाने हसले, म्हणून जास्त लागलं.

अमेरिकेतल्या वूस्टर शहरातली आमची इमारत पाडायची की नाही, याची ती सुनावणी होती. इमारत जुनी असली तर आधी समिती बसते, आणि राहणाऱ्यांची हरकत असेल तर पाडणं वर्षभर थांबवता येतं. मालकाच्या कटकटीला कंटाळून बाकीचे निघून गेले होते. उरलो होतो दोघीच, मी आणि समोरच्या दारातली आयरिश म्हातारी. ती नाकात ऑक्सिजनची नळी घालून आली होती. माझ्या आधी ती बोलली. “मला एक वर्ष द्या. तेवढ्यात मी मरेन, मग खुशाल पाडा.” तेव्हाही लोक हसले. ती गंमत करत नव्हती. त्याच घरात जन्मली होती, तिथेच तिला मरायचं होतं. पण दोघींतली एक आनंदाने जातेय म्हटल्यावर दुसरी नुसती हट्टी ठरली.

शहराच्या ऑफिसने मला फोनवरून मराठी दुभाष्या देऊ केला होता. मीच नको म्हटलं. पोटचा मुलगा असताना घरच्या गोष्टी परक्याच्या तोंडून कशाला सांगायच्या? आपल्याकडच्या कुठल्याही बाईने हेच म्हटलं असतं.

गाडीत बसल्यावर तो म्हणाला, “आई, प्लीज, आता सीन करू नकोस. बर्फात त्या जिन्यावरून पडलीस तर?”

“पडले तर तुझ्या अंगावर पडणार आहे का?”

“बेसमेंट फिनिश केलंय तुझ्यासाठी. अटॅच्ड बाथरूम आहे.”

“जमिनीखाली? आपल्यात मेल्यावरसुद्धा कुणाला पुरत नाहीत.”

मग तो खरं बोलला. मराठी मंडळात लोक त्याला विचारायचे, आई तिकडे एकटी का राहते? त्याला लाज वाटायची. मोठं घर, दोन गाड्या, आणि आई त्या पडक्या बिल्डिंगमध्ये.

पडकी नव्हती ती. लाल विटांची, चार मजली. तारेच्या कारखान्याच्या मालकाने कारकुनांसाठी बांधली, असं म्हातारी सांगायची. तिचा आजोबा त्या कारकुनांपैकीच. तीन बाजूंनी घरं आणि मध्ये चौक, त्यामुळे प्रत्येक स्वयंपाकघरात उजेड. रस्त्याकडच्या खिडक्या पोट पुढे काढून उभ्या असल्यासारख्या. दाराबाहेर भिंतीत एक छोटं कपाट होतं, ते आतूनही उघडायचं. पूर्वी दूधवाला त्यात बाटल्या ठेवायचा. आम्ही दोघी त्यात एकमेकींसाठी वाट्या ठेवायचो. माझी खिचडी तिला आवडायची. तिचा केक मला आवडायचा नाही, पण खायचे.

फार सुंदर होती असं मी म्हणणार नाही. गरम पाणी यायला वेळ लागायचा, मागचे लाकडी सज्जे हलायचे, उंदीर होते. पण भिंती हातभर जाड. मुलाच्या घरात वर कुणी शिंकलं तरी खाली कळतं. माझा नवरा लेथवर काम करायचा. त्याच्या डॉक्टर भावाने आम्हाला या देशात बोलावलं. भाऊ मोठ्या घरात राहिला, आम्ही इथे. मुलगा इथेच वाढला, त्याच स्वयंपाकघरातल्या टेबलावर अभ्यास करून इंजिनिअर झाला. नवरा इथेच गेला. मुलाला त्यातले फक्त उंदीर आठवतात.

समितीने परवानगी दिली. म्हातारीला नर्सिंग होममध्ये हलवलं, इथे आजारी म्हाताऱ्यांना कायमचं तिथेच ठेवतात. मी मुलाला तिथे घेऊन जायला लावलं आणि खोलीच्या बाहेरच उभं केलं. मोडक्या इंग्रजीत तिला सांगितलं, मी नाही बोलले, तो बोलला.

“मला कळलं होतं,” ती म्हणाली. “थँक्यू म्हणणाऱ्या बाईचं तोंड असं नसतं.”

पाडायला सुरुवात झाली तेव्हा मी कुंपणाबाहेर उभी होते. मुख्य दारावर भाजलेल्या मातीची सिंहाची तोंडं बसवलेली होती. कामगारांनी आधी ती सोडवून घेतली, चादरीत गुंडाळून हळूच पेट्यांत ठेवली. नव्या इमारतीत शोभेला लावणार होते. आम्हाला काढताना एवढा जपून हात कुणी लावला नव्हता. मग यंत्राने चौकाकडची भिंत ओढली. हातभर जाड भिंत, तिला वेळ लागला. त्याचं मला बरं वाटलं.

मुलगा म्हणाला, “चल आई, धूळ आहे.”

“राहू दे. माझीच आहे.”

आता तिथे काचेची इमारत आहे. मुलाकडे मला सगळं मिळतं. बेसमेंटची खिडकी छताला लागून आहे, तिच्यातून गवत दिसतं. सुनावणीबद्दल तो पुन्हा कधी बोलला नाही. मीही त्याला माफ केलेलं नाही, आणि हे त्याला माहीत आहे.

त्या इमारतीत शेवटपर्यंत राहिलो आम्ही दोघी. ती पहिल्याच हिवाळ्यात वारली, नर्सिंग होममध्ये. मी जिवंत आहे.