मोरीत न पडलेला रंग

पलसाण्याजवळ हायवेच्या सर्व्हिस रोडवर एका मंगळवारी सकाळी सव्वासहा वाजता एका पुरुषाचे प्रेत मिळाले. वय अंदाजे अडतीस. डोक्याला मागच्या बाजूने जखम. अंगावर धुतलेला चौकड्याचा शर्ट आणि काळी पँट. प्रेतापासून दोन हातांवर देशी दारूची रिकामी कोथळी, म्हणजे प्लास्टिकची पिशवी.

ही घटना माझ्या निवृत्तीच्या पाच वर्षे आधीची. नोकरीत याहून मोठे गुन्हे पाहिले आणि विसरलोही. हा विसरलो नाही, कारण यातली पहिली चूक माझ्या हस्ताक्षरात आहे.

मी सुरतच्या उधन्यात वाढलो. घर खानदेशी, वडील लूमवर, मी गुजरात पोलिसात सब-इन्स्पेक्टर. त्या दिवशी पंचनाम्याला माझ्यासोबत एक अनुभवी हेड कॉन्स्टेबल होते. त्यांनी कोथळीकडे बोट दाखवले.

"साहेब, पीधेलो हशे."

प्यालेला असणार. गुजरातेत दारूबंदी आहे. प्रेताशेजारी अशी कोथळी सापडली की त्या माणसाची निम्मी चौकशी तिथेच संपते. मी ठाण्यात येऊन अकस्मात मृत्यूची नोंद केली. कारणाच्या रकान्यात लिहिले : 'दारूच्या नशेत रस्ता ओलांडताना अज्ञात वाहनाची धडक, असे प्रथमदर्शनी दिसते.' त्याच पानावर चार ओळी वर मी असेही लिहिले होते की रस्त्यावर रक्ताचा डाग नाही. दोन्ही वाक्ये एकाच शाईत आहेत. त्यांचा एकमेकांशी मेळ बसत नाही, हे लिहिताना माझ्या लक्षात आले नाही.

खिशातल्या मोबाइलवरून घरचा नंबर मिळाला. अकराच्या सुमारास मृताची पत्नी दिराबरोबर सरकारी दवाखान्यात आली. शवविच्छेदन अजून सुरू व्हायचे होते. तिने चेहरा पाहिला, ओळख सांगितली आणि भिंतीला टेकून बसली. हेड कॉन्स्टेबलने सहीसाठी कागद पुढे केला. माझ्या छातीवरच्या पट्टीतले आडनाव वाचून ती मला म्हणाली, "भाऊ, तुम्हीबी आपलाच शेतस ना? मंग वाची दाखाडा, काय लिखं ते."

मी गुजराती मजकूर मराठीत वाचून दाखवला. 'दारूच्या नशेत' येताच तिने हात वर केला.

"तो दारूले हात लावे नही. काल सकायले डबा लिसन गया तो कामवर. डबा कोठे शे?"

दीर म्हणाला, "वहिनी, सही कर. गावाकडे गाडी न्यायची आहे. उशीर होतोय."

"मन्या दोन पोरी शेतस. बाप कसा मेला, इचारतीन. हाऊ कागद दाखाडू त्यास्ले?"

ती उठली, प्रेताच्या पायाकडे गेली आणि चादर वर केली. टाचांच्या भेगांमध्ये हिरवट निळा रंग होता. बाजारात त्याला रामा कलर म्हणतात. भेगांच्या तळाशी जुने काळपट थर होते. त्यांच्यावर हा एकच रंग ताजा, चकचकीत. डाव्या कानाच्या आतही तोच.

"हाऊ रंग मनी मोरीमा कधी पडेल नही," ती म्हणाली.

मला समजले नाही. तेव्हा तिने सांगितले. तिचा नवरा डाइंगच्या मिलमध्ये कापड रंगवण्याच्या जेट मशीनवर हेल्पर होता. मिलमध्ये दिवसभर रंगाच्या पाण्यात उभे राहायचे, संध्याकाळी घरी येऊन मोरीत अंघोळ करायची. ज्या दिवशी मशीनवर जो रंग चढला, तो रंग त्या दिवशी मोरीत पडायचा. त्यांच्या चाळीतल्या सगळ्या बायकांना आपापल्या नवऱ्याचा रंग माहीत असे. त्यावरून चेष्टाही चाले : आज तुझ्याकडे लग्नाची हळद का, आज माझ्याकडे होळी. शनिवारी तिची मोरी लाल होती. रविवारी मिलला सुट्टी. सोमवारी तो सकाळी सातला गेला, तो परत आलाच नाही. मग पायाला हा नवा रंग कुठून लागला?

मी डॉक्टरांकडे गेलो. रंगाचे फोटो, नखांचे तुकडे आणि केस जपून ठेवण्याची लेखी विनंती केली. डॉक्टर म्हणाले, "ठेवतो. पण अंगाचा ताठरपणा पाहता तुमचं आणखी एक चुकतंय. हा माणूस रात्री नाही मेला. काल दुपारी मेलाय."

दुपारी मेलेला माणूस वाहत्या हायवेच्या कडेला सकाळपर्यंत पडून होता आणि कोणालाच दिसला नाही, हे शक्य नव्हते.

दुपारी दोनला आम्ही मिलमध्ये पोहोचलो. मॅनेजरने चहा मागवला. हजेरीचे रजिस्टर त्याने न मागता पुढे सरकवले. सोमवारच्या रकान्यात त्या नावापुढे गैरहजेरीची खूण होती.

"साहब, ये लोग ऐसे ही हैं. एक छुट्टी मिली तो तीन दिन गायब. आप भी महाराष्ट्र के हैं, आपको क्या बताऊँ."

"मी सुरतचा आहे," मी म्हणालो.

रजिस्टर जप्त केले. मग रंग जिथे मोजून कालवतात त्या खोलीत गेलो. तिथे कलर मास्टर होता, साठीचा माणूस. त्याच्या टेबलावर शेडबुक होते. प्रत्येक लॉटच्या रंगीत कापडाचा बोटभर तुकडा त्यात चिकटवतात आणि बाजूला तारीख, मशीनचा नंबर, वेळ लिहितात. मी पाने उलटली. सोमवारच्या पानावर रामा रंगाचा तुकडा होता.

"हा रंग आधी कधी चालवलात?"

"नाही. पार्टी नवी, पहिलाच लॉट. काल बाराला चार नंबरवर चढवला, सहाला उतरवला. आज चार नंबर बंद आहे."

"बंद का?"

मास्टरने दाराकडे पाहिले. "ते मॅनेजरना विचारा."

मी शेडबुक जप्त केले. तेवढ्यात मॅनेजर आत आला. हजेरीचे रजिस्टर नेताना तो काही बोलला नव्हता. शेडबुक पाहून मात्र म्हणाला, "साहब, ये मत ले जाइए. अगला लॉट मैच नहीं होगा." हजेरीचे पान बदलता येते. शेडबुकचे पान बदलले तर माल परत येतो. म्हणून त्या मिलमध्ये खरे लिहिले जाणारे पुस्तक तेवढे एकच होते.

चार नंबरच्या ऑपरेटरला चौकशीसाठी ठाण्यात बोलावले. तो नांदेडकडचा, वय तीसच्या आत. मिलला मजूर पुरवणारा ठेकेदार त्याच्याच गावचा. ठेकेदारानेच त्याला सुरतेत आणले होते, खोलीही त्याचीच. त्याचा धाकटा भाऊ त्याच मिलमध्ये होता. हे सगळे मी आधी विचारून घेतले. माणूस का बोलणार नाही हे ठाऊक नसेल, तर तो काय लपवतो आहे हे कळत नाही.

"सोमवारी तो आला होता?"

"नव्हता, साहेब. मी एकटाच होतो."

"मशीनवर कोणता रंग होता?"

"राणी."

हेड कॉन्स्टेबलने त्याचे हात टेबलावर ठेवायला लावले. नखांच्या कडा हिरवट निळ्या होत्या.

"का रे, तुझी राणी हिरवी असते का?"

तो हसला नाही. हातही मागे घेतले नाहीत. मी शेडबुकचे पान त्याच्यासमोर ठेवले आणि सांगितले की हा रंग मिलमध्ये एकदाच चालला, सोमवारी बारानंतर. आणि तो मृताच्या टाचांत आहे. त्याने पान पाहिले. पुन्हा म्हणाला, "मला काय म्हाईत नाही."

हेड कॉन्स्टेबलने माझ्याकडे पाहिले. त्या नजरेचा अर्थ ठाण्यात काम केलेल्या प्रत्येकाला कळतो. मी मान हलवून नकार दिला. मार खाऊन बोललेला माणूस कोर्टात वेगळे बोलतो, आणि इथे दुसरा साक्षीदार नव्हता. मी त्याला पाणी दिले.

"त्याची बायको दवाखान्यात बसली आहे. ती मला एकच विचारते आहे, डबा कुठे आहे. तिला काय सांगू?"

त्याने पाणी संपवले. मग म्हणाला, "डबा खुंटीवरच हाय, साहेब. कपडे बदललो, मोबाइल खिशात घातलो. डबा इसरलो आम्ही."

पुढचे त्याने न थांबता सांगितले. मशीनच्या लोखंडी मचाणाचा कठडा दोन महिने तुटलेला होता. अडीचच्या सुमारास हेल्पर मचाणावरून घसरला आणि खालच्या सिमेंटच्या गटारीच्या कडेवर डोक्याने आपटला. गटारीत रामा रंगाचे पाणी वाहत होते. तो डाव्या कुशीवर त्यात पडून राहिला.

"श्वास चालू होता?"

"व्हता. मी म्हणलो, एकशे आठला फोन लावा. मॅनेजर म्हणले, मिलमधी गाडी येणार नाही. चार वाजता चहा आला, तवा बंद झाला व्हता."

"शर्ट कोणी घातला?"

"मीच घातलो. गुंड्या मीच लावलो, साहेब."

कामाचे ओले कपडे काढून त्याला घरी जायचे कपडे घातले. अंधार पडल्यावर कापडाचे ताके नेणाऱ्या टेम्पोतून मॅनेजर आणि ठेकेदाराने प्रेत नेले. ऑपरेटर सोबत होता. कोथळी ठेकेदाराने ठेवली.

संध्याकाळी पंचांसमक्ष मिलमधल्या खुंटीवरून डबा हस्तगत केला. स्टीलचा, तीन कप्प्यांचा, झाकणावर नाव कोरलेले. सरकारतर्फे मी स्वतः फिर्याद दिली. सदोष मनुष्यवध आणि पुरावा नष्ट करणे, या कलमांखाली गुन्हा नोंदला. ऑपरेटरचा जबाब मॅजिस्ट्रेटसमोर झाला आणि पुढे कोर्टाने त्याला माफीचा साक्षीदार केले. त्याची खोली गेली, भावाचे कामही गेले. दोघे सुरतेतच पर्वत पाटियाजवळ एका पार्सलच्या गोदामात हमालीला लागले. न्यायवैद्यक प्रयोगशाळेचा अहवाल चार महिन्यांनी आला : नखे, केस आणि शेडबुकमधला तुकडा यांवर एकच रंगद्रव्य, व्हिसेऱ्यात अल्कोहोल नाही.

त्या मंगळवारी संध्याकाळी प्रेत गावी गेले. जाण्याआधी पत्नीने विचारले, पहिला कागद फाडला का. मी सांगितले की पोलिसांचा कागद फाडता येत नाही. त्याला दुसरा कागद जोडावा लागतो आणि कोणता खरा हे कोर्ट ठरवते.

"मंग तवलोंग गावले मी काय सांगू?"

तोवर काही नाही, एवढेच कायद्याचे उत्तर आहे.

कोर्टाला साडेपाच वर्षे लागली. माझी साक्ष झाली तेव्हा मी निवृत्त होऊन काही महिने झाले होते. बचावाच्या वकिलांनी तोच पहिला कागद माझ्या हातात दिला.

"हे अक्षर तुमचं?"

"माझं."

"'दारूच्या नशेत', असं तुम्हीच लिहिलंत?"

"मीच."

"म्हणजे तेव्हा खोटं लिहिलंत, की आज खोटं बोलताय?"

"तेव्हा चूक लिहिलं. चौकशी न करता लिहिलं."

वकिलांनी 'चौकशी न करता' हे शब्द जबाबात घ्यायला लावले. ते घेतले गेले. मृताची पत्नी मागच्या बाकावर बसली होती. ऑपरेटरही आला होता. तो फिरेल, असे सरकारी वकिलांनाही वाटत होते. तो फिरला नाही.

सदोष मनुष्यवधाचा आरोप सिद्ध झाला नाही. निष्काळजीपणाने मृत्यूस कारण होणे आणि पुरावा नष्ट करणे, हे दोन सिद्ध झाले. मॅनेजर आणि ठेकेदाराला शिक्षा झाली. दोघांनी अपील केले आहे. ते प्रलंबित आहे.

या प्रकरणातून शिकलेली एक गोष्ट मी नंतर नव्या सब-इन्स्पेक्टरांना सांगत असे. अकस्मात मृत्यूच्या नोंदीत कारणाचा रकाना पहिल्या दिवशी कोरा ठेवता येतो. नियम तो भरण्याची सक्ती करत नाही, आपल्याला घाई असते. मृताच्या घरच्यांना तिथला एक शब्द पुसायला साडेपाच वर्षे लागू शकतात.

निकालानंतर तीन आठवड्यांनी मृताच्या पत्नीने मला फोन करून कोर्टात बोलावले. मुद्देमाल परत मिळायचा होता. निकालाची प्रमाणित प्रत तिच्या पिशवीत होती. थोरली मुलगी सोबत होती, बारावीत शिकणारी. तिने गुजराती मजकुरातली एक ओळ बोट ठेवून आईला वाचून दाखवली : मयत घटनेच्या वेळी मिलमध्ये कामावर हजर होता आणि त्याने मद्यपान केले नव्हते.

"परत वाच," आई म्हणाली. मुलीने परत वाचले.

कारकुनाने लाखेचे सील तोडून डबा टेबलावर ठेवला. तिने पावतीवर सही केली. मग तिन्ही कप्पे सुटे करून आत पाहिले.

"भाऊ, त्या दिनले जेयेल व्हता का तो?"

माझ्याकडे पंचनाम्याची प्रत होती. मी तिला ती ओळ काढून दाखवली. 'स्टीलचा डबा एक, तीन कप्प्यांचा, आतून रिकामा, धुतलेला.'