गळ्यातली थोरली

माझ्या गळ्यात माझी सवत हाय. जित्ती न्हवं, मेल्याली. रुपयाएवढ्या चांदीच्या पत्र्यावर तिचं डोळं, नाक, दोन हात आनि खाली लुगड्याच्या निऱ्या काढल्यात. त्याला टाक म्हनत्यात. आमच्यात पयली बायको मेली आनि मानसानं दुसरी केली, की सोनाराकडनं पयलीचा टाक करून आनायचा आनि मंगळसूत्राच्या आदी तो दुसरीच्या गळ्यात बांदायचा. मग दुसरीनं जलमभर तिला घिऊन हिंडायचं. नवं लुगडं आदी तिला लावायचं, मग आपन नेसायचं. पयला घास तिला दाखवायचा. मी तिला थोरली म्हनते. तिचं मढं बी मी बघितल्यालं न्हाई, पर माझ्या आईपरीस जास्त दिस ती माझ्याजवळ हाय.

दोऱ्याची गाठ कदी सोडायची न्हाई. दोरा जुना झाला की आदी नवा बांदायचा आनि मग जुना तोडायचा. गळा एक घटका बी मोकळा ऱ्हाता कामा न्हाई. दुसरी मेली, म्हंजीच दोरा कापायचा आनि टाक नदीला सोडायचा. आशी रीत.

ही रीत माझ्या ल्योकाला नको हुती. ल्योक म्हंजी थोरलीचा. मीच वाडिवला, मलाच आई म्हनतो. थोरली गेली तवा त्यो रांगत हुता. तिचा एक फोटू न्हाई घरात. तिचं म्हनून जे काय हाय ते माझ्या गळ्यात.

मागल्या साली नगरच्या म्युझियमचा एक मानूस गावात आल्ता. तिथं जुन्या देवांच्या मूर्त्या ठिवल्यात, लांबलांबची लोकं बघाया येत्यात म्हनं. त्यो जुनं टाक, मुखवटं इचारत हुता. तवापासनं ल्योक धरून बसला, टाक तिथं द्यायचा.

"आई, नदीत सोडली म्हंजी ती दुसऱ्यांदा मरंल. तिथं काचंत तरी ऱ्हाईल. मला कवाबी जाऊन बघता यील. तुझ्या हातानंच दे. तुझ्यामागं कोन काय करतंय, काय सांगावं?"

सून भाकरी थापत हुती. ती म्हनली, "द्या की, आत्याबाई. म्हातारपनी तरी सवत उतरवा अंगावरची. सुटाल."

मी म्हनलं, "पोरगी द्यायची तर आदी घर बघत्यात का न्हाई? मी बघते, मग सांगते."

सून हसली. पर माझ्या मनात बी तेच हुतं, सुटाल म्हनलं ते. ते का, ते सांगते.

आमची जमीन म्हंजी कुसळं आनि दगूड. दिवाळी झाली की माझं मालक, मी आनि हे पोरगं ऊसतोडीला जायाचो. फॅक्टरीच्या रानात पाचटाची कोप, म्हंजी झोपडी, करायची, थंडीत उठायचं, मालकानं तोडायचा, मी मोळ्या बांदायच्या आनि डोक्यावर घिऊन फळीवरनं ट्रॅक्टरात चढायचं. मला सातवा लागला हुता. तसं कामाला कोन थांबतंय? सकाळच्या पारी फळीला दव हुतं. मी मोळी घिऊन वर निगाले, आनि ट्रॅक्टर एकदम हालला. मी पुढं, चाकाकडं जायाची. तेवढ्यात मागनं गळ्याचा दोरा कुनीतरी गपकन वडला. आसा वडला की श्वास बंद झाला. मी पाठीवर पडले, मोळी चाकाखाली गेली.

मागं कुनी न्हवतं. मालक लांब तोडत हुतं. मानंवर नखं वडल्यावानी रेघ उटली हुती, ती कैक दिस गेली न्हाई.

मी वाचले. पोटातलं वाचलं न्हाई. त्या दिसाच्या मागं मला पुन्ना कदी दिस गेलं न्हाईत.

टोळीतल्या बाया पान्यावर कुजबुजायच्या, "थोरलीनं आपल्या लेकराला वाटेकरी यिऊ दिला न्हाई बघा." एकजन म्हनायची, "आगं, तिनंच वाचिवली हिला." दोन्ही माझ्या कानावर येत हुतं. मी हंडा भरला आनि कोपीवर आले. त्या दिशी जेवताना पयला घास तिला दाखवू का नको, आसं झालं. दाखिवला. मग खाल्ला.

म्हनून म्हनलं, सुटाल ह्या शब्दाचं मला वाईट न्हाई वाटलं.

जामखेडवरनं येष्टीनं आमी दोघं मायलेकरं नगरला गेलो. म्युझियमच्या दारात तिकिटं काढली. आत सगळ्यांना एकदम सोडत्यात, एक बाई दाखवत हिंडती. पोरगी तरनी, पंजाबी ड्रेस, बोलायला ग्वाड. तिच्या गळ्यात बी दोरा हुता, त्यात तिचा सवताचाच फोटू. आमच्यासंगं कालेजातली चार पोरं, आनि पुन्याचं एक जोडपं.

आत गार हुतं. देवळातला गारवा येगळा, तिथं तेलाचा, फुलाचा, मानसाचा वास आस्तो. हितं कसलाच वास न्हवता. भिंतीला लागून देव हुभं. म्हसोबाला शेंदूर न्हाई, देवीला कुंकू न्हाई, सगळी खरवडून धुतल्यावानी. एकीचं नाक गेल्यालं. तरी डोळं तसंच. मी पाया पडाया वाकले, तर पोरगी म्हनली, "आजी, हात लावू नका हं. लांबूनच बघा."

"हात न्हाई लावत, बाई. डोकं टेकवते."

"तेही नको."

ल्योकानं माझा दंड धरला. "आई, हितं तसं न्हाई करत."

मधी एक पितळंची मोठी घंटा टांगल्याली. मी खालनं बघितलं, आतला लोळा काढून ठिवल्याला. त्याच्याम्होरं मुखवटं. मानसाच्या उंचीवर दांड्याला आडकवल्यालं, खाली धडच न्हाई. आपन चाललो की दिव्याचा उजेड त्यांच्या गालावरनं सरकायचा, आनि वाटायचं मान वळवली. कालेजातली पोरं आदी खिदळत हुती, ती बी गप झाली. नुसता पोरीचा आवाज आनि आमची पावलं. माझ्या अंगावरचा टाक गार पडला हुता. तसा त्यो कदी गार नस्तो, अंगाला लागून लागून कोंबट आस्तो. मी पदराखाली मुठीत धरला, तरी तापंना.

शेवटच्या खोलीत टाक हुतं.

एक मोठी काच, तिच्यामागं काळं मखमली कापड, आनि त्याच्यावर वळीनं खिळ्यांना टाक लावल्यालं. वरनं लहान दिवा. देवाचं टाक एका बाजूला. दुसऱ्या बाजूला नुसत्या बाया. सगळ्यांचं डोळं वटारल्यालं. टाकातल्या बाईला पापनी नस्ती.

पोरगी म्हनली, "हे टाक देवीचे वाटतात, पण नाहीत. ह्या वारलेल्या बायका आहेत. नवऱ्यानं दुसरं लग्न केलं की नव्या बायकोनं हा टाक आयुष्यभर गळ्यात घालायचा. आता ही प्रथा राहिली नाही."

पुन्याचा मानूस बायकोला म्हनला, "बघ, मेल्यावरही सुटका नाही."

बायको म्हनली, "कुणाची? तुझी का तिची?"

सगळी हसली. माझा ल्योक खाली बघाया लागला. मी पदर आनिक गच्च धरला.

ती सगळी म्होरं गेली, मी तिथंच ऱ्हायले. काचंजवळ गेले, तवा मला दोरं दिसलं. टाक दोऱ्यासकट ठिवल्यालं हुतं. कुनाचा काळा, कुनाचा तांबडा, घामानं कट्ट झाल्यालं. आनि हरेक दोऱ्याची गाठ जाग्यावर हुती. दोरा मधनं कापल्याला.

बाकीच्यांना एकेक बाई दिसत हुती. मला दोनदोन दिसाया लागल्या. गाठ शाबूत आनि दोरा कापल्याला, म्हंजी जिच्या गळ्यात हुता ती बी मेली. पयलीचं नाकडोळं तरी चांदीवर हायत. दुसरीचं काय? घाम तेवढा दोऱ्यात. आनि त्या सगळ्या तिथं हुत्या, काचंमागं, आपापल्या थोरलीच्या मागं हुभ्या.

पोरगी माघारी आली. "आजी, चला ना, संपलं आता."

ल्योक म्हनला, "ताई, आमाला एक टाक द्यायचा हाय. तुमचा मानूस आल्ता गावात."

"अरे वा! कुठंय?"

मी पदर बाजूला केला. पोरगी बघतच ऱ्हायली. मघाशी म्हनली हुती, प्रथा न्हाई. मी तिला लाजवाया न्हवते आले. मी इचारलं, "हितं हळदकुंकू कोन करतं ह्यांना?"

"पूजा नाही करत, आजी."

"पानी?"

"ओल लागली तर चांदी काळी पडते."

"आनि दोरा?"

"दोरा जसा आहे तसाच ठेवतो आम्ही. फक्त कापून घ्यावा लागेल."

"बाई जित्ती आसली तरी?"

तिनं माझ्या गळ्यातल्या दोऱ्याकडं बघितलं. मग बारीक आवाजात म्हनली, "जिवंत बाई अजून कुणी आलीच नव्हती, आजी."

ती कुना सायबाला बोलवाया गेली. खोलीत आमी दोघंच. मी पुन्ना काचंकडं तोंड केलं. बायांच्या वळीत मधीच एक खिळा मोकळा हुता. काचंत माझं तोंड दिसत हुतं, आनि गळ्यातला टाक बरुबर त्या मोकळ्या खिळ्यावर. जसा काय आदीच तिथं लावल्याला. आजूबाजूच्या बायांत थोरली आशी बसली हुती, की म्हायती नसतं तर मला बी वळखू आली नस्ती.

मी मागं सरले. ती लगीच सरली न्हाई. जरा मागनं सरली.

चष्मा जुना हाय माझा. त्याच्यानं बी झालं आसंल. खरंखोटं मी करत न्हाई, दिसलं ते सांगते.

ल्योकाला म्हनलं, "हिकडं यी. ह्यातली तुझी आई म्हनून एक दाखव."

"काय बी काय, आई. ह्यातली कशी आसंल?"

"आसली तर कशी वळखशील, ते इचारते."

त्यो बघत ऱ्हायला. ह्या टोकापासनं त्या टोकापर्यंत. सगळ्या सारख्याच. खाली चिठ्ठी हुती, ती त्यानं वाचली, "स्त्री. चांदी. नगर दक्षिण."

मी दोरा न काढता टाक म्होरं केला. "हितं बघ. कपाळावर."

त्याला वाकावं लागलं. केस पांडरं झालेत त्याचं बी. माझ्या छातीशी डोकं आनून, लहानपनी आनायचा तसं, त्यानं बघितलं. पत्र्यावर दोन बारकं पोचं पडल्यात, शेजारी शेजारी.

"हे काय?"

"तुझं दात. मी आले तवा तुला खालचं दोनच दात हुतं. रडाया लागलास की हिलाच चावायचास. मी वडून घ्यायची, तू पुन्ना चावायचास. आसं दात ह्यातल्या दुसऱ्या कुनावर न्हाईत."

त्यानं बोट लावलं. मोठा झाल्यापासनं त्यानं टाकाला कदी हात लावल्याला न्हवता. लई येळ बोट काढलं न्हाई.

भाईर चपलांचा आवाज आला. सायब येत हुतं. ल्योक सरळ हुभा ऱ्हायला आनि म्हनला, "चल आई. नगं."

"तुला बघाया पायजे हुती ना?"

"बघितली." मग म्हनला, "तू हाईस तवर बघीन. मग नदीला. दोघींना एकदमच."

पोरीला न्हाई म्हनलं. ती रागावली न्हाई. माझ्या गळ्याकडं बघून दोन्ही हात जोडले तिनं. एवढ्या म्युझियमात थोरलीला तेवढाच एक नमस्कार झाला.

माघारी येष्टीत बसाया जागा घावली. ल्योकानं भुईमुगाच्या शेंगा घेतल्या. गाडी नगरच्या भाईर निगाली तवा त्यानं इचारलं, "आई, ऊसाच्या त्या फळीचं मला म्हायती हाय. बाया बोलायच्या, मी ऐकायचो. तुला तिचा राग येत न्हाई?"

एवढ्या वर्सांत त्यानं पयल्यांदा इचारलं. मी खिडकीतनं बघत हुते.

"येतो की," मी म्हनलं. "पर रागावून जायाचं कुठं? गळ्यातच हाय."

"मग आज दिली का न्हाईस?"

"तू म्हनलास चल, मी आले."

"मी न्हाई म्हनलो नस्तो तर?"

मला बी म्हायती न्हाई.

त्यानं एक शेंग फोडली. इकडं तिकडं बघितलं, कुनी बघत न्हाई आसं बघून पयला दाना हळूच माझ्या गळ्यापाशी धरला. मी पदर बाजूला केला. दाखवून झाल्यावर त्यानं त्यो दाना माझ्या हातावर ठिवला.

म्युझियमात शिरल्यापासनं गार पडल्याला टाक तवा कुठं कोंबट लागाया लागला. खिडकीतनं उन्ह बी येत हुतं म्हना. त्याच्यानं आसंल.