वालेरचं नाव

लुपेनीच्या खाणीच्या फुटबॉल-संघाचा सेंटर फॉरवर्ड म्हणजे माझा नवरा, टिबेरियू. कागदोपत्री वायरमन, पण खाणीत उतरला तो फक्त फोटोपुरता. मैदानावर दोघा-तिघांना अंगावर घेऊन गोल मारायचा. त्याच पायांना घरी कापरं भरायचं, ते मला एकटीला ठाऊक.

भीती एका कागदाची होती. दरवर्षी खाणीच्या कचेरीत सरकारसाठी आपली जीवनकथा लिहून द्यावी लागे, आणि ती मागच्या वर्षीसारखीच हवी. टिबीचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय, म्हणून मी लिहायची. त्यात एक वाक्य खोटं होतं: 'थोरला भाऊ वालेर युद्धात वारला.' वालेर एकोणपन्नास साली सरहद्दीवरची डॅन्यूब नदी पोहून देशाबाहेर पळाला होता आणि व्हिएन्नाला पोचला होता. पळपुट्याच्या भावाला कोण खेळू देणार? खेळणं राहू दे, अशांची घरं रिकामी झालेली आम्ही पाहिली होती.

छप्पन साली संघाला व्हिएन्नाला सामना खेळायचं बोलावणं आलं आणि सगळ्यांचे कागद पुन्हा तपासायला निघाले. त्या रविवारी मी सासूबाईंबरोबर चर्चमध्ये होते. सरकारला देवाचं वावडं, म्हणून टिबीला तिथं यायची चोरी. आमच्यात बायका पाद्र्याला नावांच्या दोन याद्या देतात, एक जिवंतांची, एक मेलेल्यांची, आणि तो त्या मोठ्यानं वाचतो. आमच्या घरच्या जिवंतांत सासऱ्यांचं नाव झालं, सासूबाईंचं झालं, टिबीचं झालं, आणि मग "वालेर!" पुढच्याच बाकावर कचेरीतल्या कारकुनाची बायको बसलेली. सात वर्षं सासूबाई हीच यादी देत होत्या, आणि मी गाढवीनं एकदाही कान दिला नव्हता.

"आई, मारतेस का मला?" घरी टिबी म्हणाला.

"भावाला कागदावर तू मारलंस. मी देवापुढे खोटं बोलू?"

"पुढच्या रविवारी त्याला दुसऱ्या यादीत घाल."

"जिवंत माणसाचं नाव मेलेल्यांत वाचलं की तो वर्ष काढत नाही. एवढा घोडा झालास, ठाऊक नाही?"

"ठाऊक आहे." टिबी तिच्या पायांशी बसला. "आई, मला भीती वाटते गं."

सासूबाईंनी नाव मेलेल्यांच्या यादीत घातलं. शिवाय अक्रोड घालून श्राद्धाचे गोड गहू शिजवले आणि चर्चमध्ये वालेरच्या नावानं वाटले.

"गेल्या खेपेला जिवंतांत होता ना हो?" कारकुनाच्या बायकोनं विचारलं.

"आईचा हात आहे बाई, चुकतो," सासूबाई म्हणाल्या.

घरी टिबीनंही घास घेतला आणि रीतीप्रमाणे म्हणाला, "देव त्याला क्षमा करो." माझ्यानं त्याच्याकडे बघवेना.

टिबी व्हिएन्नाला जाऊन, एक गोल मारून परत आला. आल्या आल्या मला आत ओढून म्हणाला, "कॉर्नर घेत होतो, तर कठड्यामागून हाक आली. 'टिब्या, डाव्या पायानं मार!' वालेरच तो."

"वळलास?"

"संघावर नजर ठेवणारा सरकारी माणूस दहा पावलांवर उभा होता. नाही वळलो."

तेवढ्यात सासूबाई दारात आल्या. "दिसला का रे?"

टिबीनं माझ्याकडे पाहिलं. हो म्हटलं असतं, तर येत्या रविवारी वालेर पुन्हा जिवंतांत गेला असता. मी मान आडवी हलवली, अगदी जराशी.

"नाही, आई."

"कुणाला विचारलंस तरी?"

"विचारलं. कुणाला काही ठाऊक नाही."

रविवारी सासूबाईंनी डोक्याला सुतकाचा काळा रुमाल घेतला. गाठ नीट बसेना, म्हणून ती मीच मारून दिली.