स्वेतलानाचं दुसरं नाव

माझ्या धाकट्या दिराने रशियन मुलीशी लग्न ठरवलं, तेव्हा सासूबाई पुण्याहून इकडे जर्मनीत, डार्मश्टाटला आल्या त्या दोन अटी घेऊनच. लग्न आपल्या पद्धतीने व्हायचं आणि सुनेचं नाव बदलायचं. मुलगी इथल्या युनिव्हर्सिटीत संशोधन करायची. नाव स्वेतलाना. पहिली अट तिने हसत मान्य केली, दुसरीला साफ नाही म्हणाली.

"वहिनी, तुम्हीच समजवा ना तिला," दीर म्हणाला. नेकारसुल्मच्या कारखान्यात दहा जणांना कामाला लावणारा हा माणूस, आईसमोर मात्र त्याची बोबडी वळते.

मी तिला चहाला बोलावलं. समजवायचं राहिलं बाजूला, या नावावर एवढा जीव का, असंच विचारलं. मग ती बोलत सुटली. 'स्वेत' म्हणजे उजेड. हे नाव कुणा संताचं नाही, दोनशे वर्षांपूर्वी कवींनी रचलेलं. म्हणून चर्चच्या यादीत ते नव्हतं. क्रांतीनंतर देवधर्म नको झालेल्या आईबापांनी ते हौसेने ठेवलं आणि गल्लोगल्ली स्वेतलाना झाल्या. आता ते मावश्यांचं नाव झालंय. इथल्या रशियन दुकानात कुणी तिला हाक मारली, की गल्ल्यावरची बाईसुद्धा वळून बघते.

तिला ते आजीवरून मिळालं होतं. आजीचा बाप्तिस्मा लपूनछपून झाला, तेव्हा पाद्र्याने यादीतलं नाव दिलं, फोतिनिया. अर्थ तोच, उजेडाचा. त्या नावाने आजीला जन्मभर कुणी हाक मारली नाही. ती गेली तेव्हा चर्चमधली प्रार्थना मात्र फोतिनियासाठी झाली. नऊ वर्षांची स्वेतलाना आईचा हात ओढून विचारत राहिली, "ही कोण? आजीसाठी कधी करणार?"

"हे तुझ्या सासूला सांग," जाताना ती मला म्हणाली. "तू सांगितलंस तर त्यांना कळेल."

मी सांगितलं. कवी सांगितले, संत सांगितले, पाद्रीही सांगितला. तेवढ्यात सासूबाईंचा चेहरा खुलला. "अगं, म्हणजे त्यांच्यातही दुसरं नाव देतात की! अर्थ तोच ठेवून देतात. मग आपणही उजेडाचंच ठेवू. कागदोपत्री राहू दे तिचं तिला." प्रार्थनेचं सांगायचं राहिलं होतं. ते मी सांगितलंच नाही. घरात वाद नको होता मला. भित्री आहे मी, दुसरं काही नाही.

दुसऱ्या दिवशी सासूबाईंनी आजीची तीच गोष्ट मोडक्यातोडक्या इंग्रजीत तिलाच ऐकवली. ती माझ्याकडे बघत राहिली. मी चहा ढवळत बसले. मग ती "ओके" म्हणाली, आणि तिच्या आवाजात राग नव्हता, याचंच मला जास्त वाईट वाटलं.

लग्न भाड्याच्या हॉलमध्ये झालं. दिराने ताटातल्या तांदळावर सोन्याच्या अंगठीने नवं नाव लिहिलं. टाळ्या वाजल्या, मीही वाजवल्या. आता आमच्या घरात स्वेतलाना हे नाव कुणाच्याच तोंडी नाही. दिराच्याही नाही.

हॉल आवरताना तिने सासूबाईंना विचारलं, "तुमचं लग्नाआधीचं नाव काय होतं?" भाषांतर मीच केलं. सासूबाई गोंधळल्या. मग हळूच एक नाव म्हणाल्या. चौदा वर्षांत ते मी पहिल्यांदा ऐकत होते. "आता कोण आहे त्या नावाने हाक मारणारं," म्हणाल्या आणि ताटातले तांदूळ पिशवीत भरायला लागल्या.

मी तिथेच रेंगाळले. आता ती मला विचारेल. माझे बाबा गेल्यापासून माझं माहेरचं नावही कुणी घेतलेलं नाही, आणि ते कुणीतरी विचारावं असं मला त्या क्षणी फार वाटलं. नाव अगदी ओठांवर होतं. पण ती वळली आणि खुर्च्या एकावर एक रचायला लागली. मला तिने विचारलं नाही. अजूनही विचारलेलं नाही.