नाकावरची माशी

बंगळुरात बनशंकरीतल्या आमच्या बिल्डिंगमधले वरच्या मजल्यावरचे अण्णा रविवारी गच्चीवर एकेक फोटो जोडून सिनेमा करतात. माझा एक फोटो काढला की म्हणतात, "स्वल्प." म्हणजे मी बोटभर हलायचं, मग पुढचा फोटो. चहाचा कप ओठांपर्यंत न्यायला अख्खी सकाळ जाते.

मागच्या रविवारी मधेच माझं नाक खाजलं आणि चार-पाच फोटोंत माझा हात नाकाशी आला. "अण्णा, ते फोटो काढून टाका," मी म्हटलं.

"सरी," म्हणाले, म्हणजे कानडीत 'बरं'.

काल सिनेमा दाखवला. फोटो तसेच होते. फक्त एकेका फोटोवर त्यांनी पेनाने माशी काढली होती. ती घिरट्या घालत येते, नाकावर बसते, मी हाकलते.

मी नाकावर माशी बसू देत नाही, असं घरातले म्हणतात. अण्णांनी बसवली, आणि मीच म्हटलं, "परत लावा."