मेलेल्याची केस

पट्टेवाल्यानं "महादेव" असा पुकारा केला, की कोर्टाच्या मागच्या बाकावरून शेवंताकाकू उठायच्या, पदर सावरायच्या आणि म्हणायच्या, "हाय." महादेवराव म्हणजे त्यांचे यजमान, आणि ते तर वारलेले. पहिल्यांदा सगळे हसले. नंतर पट्टेवालाच पुकारा करताना त्यांच्याकडे बघू लागला.

मी त्यांचा वकील, सांगलीचा. पाण्याच्या पाळीवरून शेजाऱ्याचा हात मोडला म्हणून आष्ट्याचे महादेवराव खालच्या कोर्टात दोषी ठरले होते. एक वर्षाची कैद. आपण त्या वेळी शेतात नव्हतोच, असं ते शेवटपर्यंत सांगत राहिले. अपील केलं, जामीन झाला, आणि तारखांवर तारखा पडत असताना एके दिवशी ते झोपेतच गेले.

मी त्यांच्या घरी फोन करून सांगून टाकलं, की आता काळजी नको, आरोपी गेला की प्रकरण मिटतं. यात आणखी एक वाट असते, हे मला ठाऊक होतं. पण मेलेल्या माणसासाठी कोर्टाच्या पायऱ्या कोण झिजवणार, असा माझा व्यवहारी विचार.

दुखवट्याचा महिना बाईनं माहेरी काढायचा, ही त्यांच्याकडची रीत. काकू औंधला भावाकडे होत्या. सव्विसाव्या दिवशी एकट्याच एसटीनं माझ्या दारात. महिना भरायच्या आत बाहेर पडल्या म्हणून भाऊ रागावला होता, ते त्यांनी चपला काढता काढताच सांगितलं. पुढची तारीख विचारायला आल्या होत्या. मी म्हटलं, आता कसली तारीख, मिटलं सगळं.

"मिटलं म्हंजी? सुटलं का त्ये?"

सुटले नाहीत, शिक्षा भोगायला माणूस उरला नाही इतकंच, दोषी हा शिक्का तसाच राहतो, हे मला सांगावं लागलं. आणि मग खाली बघत हेही, की जवळच्या माणसानं तीस दिवसांत अर्ज केला तर अपील पुढं चालतं.

काकूंनी बोटं मोजली. "म्हंजी चारच दिस ऱ्हायलं. आनि तुमी सांगितलं न्हाई व्हय?"

आवाज चढला नव्हता. मला मात्र चांगलीच लाज वाटली. अर्ज त्याच दुपारी दाखल केला. परवानगी मिळाली.

पुढं दीड वर्ष त्या एकही तारीख चुकल्या नाहीत. गावात लोक टोमणे मारत, मेलेल्याची कसली केस चालवतीस म्हणून. त्यावर त्यांचं ठरलेलं उत्तर असे, "त्यास्नी जाळलं, पर गाव आजून त्यांच्या नावानं बोलतंय की."

शेवटी साक्षीदारांच्या जबान्या एकमेकींशी जुळेनात आणि महादेवराव निर्दोष ठरले. व्हरांड्यात काकूंनी मला निकाल मोठ्यानं वाचायला लावला, दोनदा. मी अभिनंदन करायला तोंड उघडलं, तर त्या भिंतीला टेकून रडत होत्या.

"रोज सांजच्याला म्हनायची त्यास्नी, सुटशीला तुमी, बगा. आता सुटलं, तर सांगू कुनाला?"