बुटांवरचा हिरवा ड्रेस

भोसरीत केसरबाईंच्या चाळीत, वरच्या मजल्यावर नजमा राहते. खोली एकच, पण तिच्यात काय काय मावतं! खिडकीशी शिलाई मशीन, मशीनमागे कपाट, कपाटाशेजारी खुंटीवर घडी घातलेला नमाजाचा मुसल्ला. पहाटे सासूबाईंची नमाज नि तसबीहची माळ होते, मग कंपन्यांच्या युनिफॉर्मचे गठ्ठे सुटतात आणि दुपारपासून शेजारपाजारच्या बायका ब्लाऊजपीस घेऊन येतात. नवरा अफताब एमआयडीसीतल्या एका वर्कशॉपमध्ये लेथवर असतो. घरात भांडणतंटा नाही. वरच्याची मेहेरबानी.

नजमाच्या हाताला वळण आहे असं सगळ्या म्हणायच्या. तिला मात्र वाटायचं, हे वळण खिशांवर कंपनीचे बिल्ले शिवण्यातच जिरून जाणार. जेवणं आटोपली की ती मोबाईलवर ड्रेस बघत बसायची. घेर कुठून सोडलाय, चुण्या कुठे घेतल्यात, सगळं बारकाईनं.

"बघून पोट भरतं का गं तुझं?" सासूबाई विचारायच्या.

"पोट नाही अम्मी, डोळे भरतात."

गेल्या थंडीत शुभदाताईंची सलोनी आली. शुभदाताई पूर्वी याच चाळीत राहायच्या, आता वाकडला मोठ्या सोसायटीत गेल्या. पण ब्लाऊज अजून नजमाचेच. सलोनी आयटीत. तिच्या कंपनीचा वर्धापनदिन होता आणि सूत्रसंचालन तिच्याकडे आलं होतं.

"भाभी, मला बुटांवर घालायला ड्रेस हवाय," तिनं खोकं उघडलं. आत तपकिरी रंगाचे, पोटरीच्या निम्म्यापर्यंत येणारे, टाचेचे बूट. "आई म्हणते मॉलमधून घे. पण तिथले मला कुठे ना कुठे बोंगेच होतात. तूच शिव."

नजमाचा जीव हरखला. तिनं कापड हातात घेतलं. गडद हिरवं, बारीक पांढऱ्या फुलांचं, अंगावरून पाण्यासारखं घरंगळणारं. तिनं मनाशी ठरवून टाकलं, हा ड्रेस जमला तर असली कामं घ्यायला लागायचं. नाही जमला, तर युनिफॉर्म बरे नि आपण बऱ्या. मग पुन्हा या वाटेला जायचं नाही.

सासूबाईंनी बुटाची चेन खालीवर करून बघितली, वास घेतला. "चामडं चांगलं आहे हो," म्हणाल्या आणि खोकं झाकून उंबऱ्याबाहेर ठेवून आल्या.

ड्रेस आठवडाभरात झाला. ट्रायलला सलोनी मशीनशेजारी उभी राहिली, शुभदाताई कॉटवर बसल्या, सासूबाईंनी चष्मा लावला. कंबर बसली, बाही बसली, घेर पोटरीच्या मध्यावर अगदी हवा तिथे आला.

"माशाल्लाह," सासूबाई म्हणाल्या.

"खरंच गं नजमा, आता दृष्ट काढायला हवी," शुभदाताई म्हणाल्या.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी सकाळी सलोनीचा फोटो आला. वाकडच्या लिफ्टपाशी ड्रेस नि बूट घालून उभी. नजमानं फोटो मोठा केला. ड्रेसची कड बरोबर बुटाच्या तोंडावर येऊन टेकली होती. एका पायाला कड बुटात शिरलेली, दुसऱ्या पायाला बाहेर फुगलेली. पाठोपाठ फोन.

"भाभी, चाललं की ते आत जातंय, ओढून काढलं की परत जातंय. स्टेजवर काय मी दर वाक्याला वाकू? आई म्हणतेय साडी नेस."

"शिवताना तर बरोबर होतं गं."

"मलाही तेच कळत नाहीये. काय करू?"

"बघते. साडी नेसू नकोस इतक्यात," नजमा म्हणाली खरी, पण आवाजात काही दम नव्हता.

मापं पुन्हा बघितली. सगळी बरोबर. मनात आलं, झालं, संपलं आपलं ड्रेसचं वेड. ती गच्चीवर कपडे वाळत घालायला गेली, घालून परत आली, दाराशी चपला काढल्या आणि आत पाय टाकला. जाड तळव्याच्या चपला होत्या, पावलं खाली टेकली तशी ती जागच्या जागी थांबली. अंगावरचा गाऊन आत्ता जिन्यात पायऱ्यांच्या जरा वर होता, तो इथे फरशीला टेकला होता.

"अम्मी, ट्रायलला सलोनीच्या पायात काय होतं?"

"पायात? काय असणार? काही नव्हतं. घरात होती ना ती."

"तेच तर चुकलं!"

तिघी जाणत्या बायका आणि चौथी ती शिकलेली पोरगी. बुटांवरचा ड्रेस शिवायचा म्हणून बुटांचं कौतुक केलं, आणि ड्रेस घातला तो अनवाणी. कुणाच्या मनातसुद्धा आलं नाही. घरात, मुसल्ल्याच्या पुढ्यात बूट घालून कोण उभं राहतं? बुटाचं तोंड पोटरीवर जिथे येतं, नेमका तिथेच घेर संपला होता, आणि बूट पायात नसताना ते दिसणार कसं?

दुपारी सलोनी स्कूटरवरून आली. बूट पिशवीत. सवयीनं चपला काढून आत आली.

"बूट घाल."

"आत? इथं?"

दोघींनी सासूबाईंकडे बघितलं. सासूबाईंनी बुटाचा तळ उलटून बघितला. मग म्हणाल्या, "नवे आहेत, मला कळतं. पण लिफ्टपर्यंत जाऊन आलेत ना? गॅलरीत करा, बाई. उजेडही चांगला आहे."

गॅलरीत खाली गुडघे टेकून कड धरायची, तर सलोनीला काहीतरी उंचावर उभं करायला हवं होतं. नजमानं खाली केसरबाईंना हाक मारली. केसरबाई म्हणजे मूळच्या भोसरीकर, घरमालकीण, आणि चाळीत काही चाललं की त्यांना आधी कळतं.

"मावशी, एक पाट द्या ना."

"कशाला गं?"

"सलोनीला उभं करायचंय."

केसरबाई पाट घेऊन वर आल्या, बूट बघितले आणि पाट छातीशी धरला. "बूट घालून? ह्या पाटावर आमी नवरदेव बसिवलाय. न्हाई देणार." असं म्हणून परत खाली गेल्या आणि दुधाचा क्रेट उचलून आल्या. "ह्याच्यावर ऱ्हा. पडू नगं. आन काय गं, घोड्यावर बसाया निघालीस व्हय?"

"माईकवर बोलायला, मावशी."

"माईकला बूट लागत्यात?"

सलोनी हसली तशी कड हलली. "सरळ उभी राहा गं," नजमा टाचण्या तोंडात धरून म्हणाली.

कड आत मोठी दुमडलेली होती, ती तिनं उसवून खाली सोडली. बुटाचं तोंड झाकलं गेलं. पण चार पावलं चालून बघितलं तर कापड दोन्ही बुटांना गुंडाळून ताणलं जात होतं.

"आखूड करून टाक," सलोनी म्हणाली.

"कापलं की परत येत नाही. थांब जरा." नजमानं कड पुन्हा हातानं चाचपून बघितली. तिला कळेना. उद्या संध्याकाळी कार्यक्रम.

खाली चौकात महाळुंग्याकडून कंपनीची बस येऊन थांबली. पहिली शिफ्ट सुटलेल्या बायका गल्लीत शिरल्या. कुणाचा पंजाबी ड्रेस पिवळा, कुणाचा जांभळा, आणि सगळ्यांच्या पायांत कंपनीचे काळे सेफ्टी शूज. दिवसभर उभ्या राहिलेल्या, तरी चाल कशी मोकळी. पाऊल पुढे पडलं की कुर्त्याचा कट उघडायचा, बूट दिसायचा, कट परत मिटायचा.

नजमानं हे रोज बघितलेलं होतं. यातले अर्धे ड्रेस तर तिनंच शिवलेले. ती कठड्याला धरून उठली.

"मावशी, ह्या पोरी बूट नि ड्रेस घालून किती वर्षं चालतायत हो?"

"कंपन्या आल्या तवापासनं. का?"

"काही नाही. सलोनी, ड्रेस काढून दे. कट देते दोन्ही बाजूंनी, गुडघ्यापर्यंत."

"आई ओरडेल."

"उभी राहिलीस की मिटलेला राहील. चाललीस की उघडेल. आईला उभी राहून दाखव."

नजमानं शिवण उसवली, कट दिले, मशीनवर न घेता हातानंच तुरपाई केली. सासूबाईंनी दुपार कलल्यावरची अस्रची नमाज आटोपली तेव्हा शेवटचा टाका पडत होता.

सलोनीनं गॅलरीत या टोकापासून त्या टोकापर्यंत फेरी मारली. हिरवं कापड झुलत होतं, तपकिरी बूट मधूनच दिसत होते, कड कुठेही अडकत नव्हती. ती परतताना जरा जोरात चालली, मुद्दाम. तरी नाही अडकली.

"चांगलं दिसतंय," केसरबाई म्हणाल्या. "घोडा तेवढा ऱ्हायला."

सोमवारी सलोनीचा फोन आला. तिच्या टीममधल्या दोघींना ड्रेस शिवून हवे होते. शनिवारी येऊ का, कापड किती आणू, म्हणून विचारत होत्या. नजमानं हातातला युनिफॉर्म बाजूला ठेवला.

"कापडाचं नंतर बघू. पायात काय घालणार, ते घेऊन या म्हणावं आधी."

मागून सासूबाईंचा आवाज आला, "आणि पुसून आणा म्हणावं."